तत्त्वज्ञानाच्या वाचनाची सुरुवात कोणत्या पुस्तकापासून करावी?

प्रश्न : कृष्णाकाठ

नमस्कार. मी वाणिज्य शाखेचा पदवीधर असून गेली 22 वर्षे एका सहकारी पतसंस्थेत हिशेबाचे काम करतो. तत्त्वज्ञान हा विषय मी कधीही शिकलेलो नाही. वडिलांच्या संग्रहातील टिळकांचे ‘गीतारहस्य’ गेल्या पावसाळ्यात वाचायला घेतले. त्यातील ‘कर्मजिज्ञासा’ हे दुसरे प्रकरण मी दोनदा वाचले. दुष्काळात भुकेने व्याकूळ होऊन कुत्र्याचे मांस चोरायला निघालेल्या विश्वामित्राची कथा लहानपणापासून ऐकली होती. परंतु तिच्यात प्राण वाचवावा की धर्म पाळावा असा अवघड प्रश्न दडलेला आहे, हे तेव्हा प्रथमच जाणवले. पुढे ‘आधिभौतिक सुखवाद’ या चौथ्या प्रकरणात हॉब्स, मिल या इंग्रज तत्त्ववेत्त्यांची नावे येऊ लागली आणि कोण कोणाचे मत खोडून काढत आहे, हेच मला समजेनासे झाले.

ही उणीव भरून काढावी म्हणून वाचनालयातून पाश्चात्त्य तत्त्वज्ञानाचा एक जाडजूड इतिहास आणला. थेल्सच्या मते सर्व काही पाण्यापासून झाले, हेराक्लायटसच्या मते अग्नी हेच मूळ, अशी एकामागून एक मते वाचत गेलो; मात्र त्यांपैकी कोणते मत का स्वीकारावे, हे ठरवायचे कसे, ते उमगले नाही आणि साठाव्या पानावर पुस्तक मिटले. माझ्यासारख्याने नेमक्या कोणत्या पुस्तकापासून आरंभ करावा? मराठी असल्यास उत्तम; इंग्रजीही शब्दकोश जवळ ठेवून सावकाश वाचू शकतो.

प्रतिसाद 1 : अध्यापिका

आपण पुस्तक मिटलेत यात आपला दोष नाही. इतिहासाचा ग्रंथ हे या विषयाचे प्रवेशद्वार आहे, असे आपल्याकडील अभ्यासक्रमांमुळे अनेकांना वाटते. मी पदवीच्या वर्गांना बरीच वर्षे शिकवते आहे आणि या समजुतीमुळे चांगले वाचक दुरावताना पाहिले आहेत. एखादा प्रश्न आपल्याला स्वतःला पडण्यापूर्वीच त्याची दहा उत्तरे समोर आली, तर ती पाठ करण्यापलीकडे आपण काहीच करू शकत नाही. ‘कर्मजिज्ञासा’ आपण दोनदा वाचलेत, कारण तेथे प्रश्न आधी आला आणि उत्तर नंतर.

म्हणून माझी सूचना बर्ट्रांड रसेल यांच्या ‘द प्रॉब्लेम्स ऑफ फिलॉसफी’ या 1912 सालच्या पुस्तकाची आहे. पंधरा छोटी प्रकरणे आहेत आणि ते सामान्य वाचकांसाठीच लिहिलेले आहे. आरंभ एका साध्या टेबलापासून होतो. टेबल तपकिरी दिसते. पण उजेड पडतो तो भाग जवळजवळ पांढरा दिसतो, आणि आपण जागा बदलली की तो भागही बदलतो. आकाराचेही तसेच, कारण आपण आयताकृती म्हणतो ते टेबल जवळजवळ कोणत्याही कोनातून तसे दिसत नाही. मग टेबलाचा खरा रंग कोणता, खरा आकार कोणता, आणि आपल्याला जे दिसते त्याच्यामागे खरोखर टेबल आहे हे कशावरून?

हे पुस्तक सलग वाचू नये, असे मात्र मी आवर्जून सांगेन. पहिली तीन प्रकरणे वाचावीत, तेथून सहाव्या, म्हणजे विगमनाच्या (पाहिलेल्या उदाहरणांवरून सर्वसाधारण नियम काढण्याच्या) प्रकरणाकडे जावे आणि नंतर तत्त्वज्ञानाच्या मूल्याविषयीचे शेवटचे प्रकरण घ्यावे. पाचवे प्रकरण नवख्या वाचकाला थकवते. ते दुसऱ्या वाचनासाठी ठेवावे. रसेल यांचे इंग्रजी स्वच्छ आहे, पण वाक्ये लांब आहेत. ती जड वाटल्यास टॉमस नेगेल यांचे 1987 सालचे ‘व्हॉट डझ इट ऑल मीन?’ घ्यावे. ते त्याहूनही लहान आहे, त्यात तत्त्ववेत्त्यांच्या नावांचा भार जवळजवळ नाही आणि इच्छास्वातंत्र्य, न्याय, मृत्यू असा एकेक प्रश्न वाचकासमोर थेट मांडलेला आहे.

प्रतिसाद 2 : पूर्वपक्ष

अध्यापिकाबाईंची प्रश्नापासून आरंभ करण्याची सूचना मला पूर्णपणे मान्य आहे. मात्र त्यासाठी मराठी वाचकाला इंग्रजी पुस्तकापाशीच जावे लागते, असे कोणी समजू नये. आपल्या दर्शनग्रंथांची मांडणी मुळात वादाचीच आहे. आधी प्रतिपक्षाचे म्हणणे पूर्वपक्ष म्हणून शक्य तितक्या समर्थपणे मांडायचे आणि मगच त्याचे खंडन करून आपला सिद्धान्त सांगायचा, ही शिस्त ग्रंथकार पाळतात. दुर्दैवाने आपल्याकडील बऱ्याच पाठ्यपुस्तकांत हा वाद गळून पडतो आणि सहा दर्शनांची सहा मते तेवढी उरतात.

रसेल यांनी विगमनाच्या प्रकरणात कोंबडीचे उदाहरण दिले आहे. रोज दाणे टाकणारा हातच एके दिवशी तिची मान पिरगाळतो. आजवर घडले ते उद्याही घडेल, याला आधार काय, हा तेथील प्रश्न आहे. चौदाव्या शतकातील माधवाचार्यांचा ‘सर्वदर्शनसंग्रह’ केवळ प्रत्यक्ष मानणाऱ्या चार्वाकापासून सुरू होतो आणि तेथे चार्वाकाचा अनुमानावरील आक्षेप याच प्रश्नाला भिडतो : जेथे धूर तेथे अग्नी ही व्याप्ती, म्हणजे दोहोंचा अटळ संबंध, आपल्याला कळली कशी? पाहिलेली स्वयंपाकघरे मोजकी; न पाहिलेली, होऊन गेलेली आणि अद्याप व्हायची असलेली असंख्य. त्यावर नैयायिक, म्हणजे न्यायदर्शनाचे अनुयायी, उदयनाचार्य ‘न्यायकुसुमाञ्जली’त उत्तर देतात, ‘व्याघातावधिराशङ्का’, म्हणजे शंका आपल्याच वागण्याशी विसंगत होते तेथे तिची मर्यादा संपते. धूर हवा म्हणून जो विस्तव पेटवतो, त्याने त्या संबंधावर शंका घेण्यात अर्थ नाही. हे उत्तर पुरेसे आहे की केवळ व्यावहारिक आहे, यावर मी स्वतः कित्येक महिने विचार करतो आहे आणि माझे मत दोनदा बदलले आहे.

त्यासाठी चटर्जी आणि दत्त यांचे 1939 सालचे ‘अ‍ॅन इन्ट्रोडक्शन टु इंडियन फिलॉसफी’ घ्यावे. प्रास्ताविकानंतरचे पहिलेच दर्शन चार्वाकांचे आहे; त्यानंतर न्यायाचे प्रकरण वाचावे आणि बाकीचे सध्या बाजूला ठेवावे. हिरियण्णा यांचा 1932 सालचा ‘आउटलाइन्स ऑफ इंडियन फिलॉसफी’ हा ग्रंथ माझ्या मते अधिक खोल आहे. पण तो घट्ट विणीचा असल्याने दुसऱ्या वर्षासाठी राखून ठेवावा. मराठीत सदाशिव आठवले यांचे ‘चार्वाक : इतिहास आणि तत्त्वज्ञान’ अवश्य वाचावे.

प्रतिसाद 3 : रविवारची बैठक

मी परिचारिका आहे. आमच्या गावच्या वाचनालयात आम्ही पाच जण रविवारी सकाळी एकत्र वाचतो, त्या अनुभवातून एकच नाव सुचवते : प्लेटोचा ‘यूथिफ्रो’ हा संवाद. एका बैठकीत वाचून होतो. सॉक्रेटिसवर खटला भरला गेला आहे आणि न्यायालयाच्या दाराशी त्याला यूथिफ्रो भेटतो, जो मनुष्यवधाबद्दल आपल्या वडिलांवरच फिर्याद करायला आलेला आहे. आपण करतो ते पवित्र कृत्य आहे, याविषयी त्याला तिळमात्र शंका नाही. सॉक्रेटिस त्याला विचारतो, देवांना प्रिय आहे म्हणून ते पवित्र, की पवित्र आहे म्हणून ते देवांना प्रिय? आमच्यातील एक वारकरी आजोबा त्या प्रश्नावर बराच वेळ गप्प राहिले आणि पुढच्या रविवारी स्वतःचे दीड पानाचे उत्तर लिहून घेऊन आले. संवादात शेवटपर्यंत उत्तर मिळत नाही, हे आधीच सांगून ठेवते, कारण आमच्यापैकी दोघे त्यामुळे नाराज झाले होते.

कृष्णाकाठ

आपणा सर्वांचा मनापासून आभारी आहे. रसेल यांचे पुस्तक मिळाले आणि पहिले प्रकरण चार रात्रींत वाचले. कार्यालयातील माझे टेबल मी इतकी वर्षे पाहतो आहे. परवा खिडकीतून ऊन आले, तेव्हा त्याचा रंग सांगता येईना. एक अडचण आहे. रसेल ज्याला ‘सेन्स-डेटा’ म्हणतात त्याला मराठीत काय म्हणावे? न्यायातील ‘प्रत्यक्ष’ म्हणजे तेच का?

अध्यापिका

फार चांगला प्रश्न विचारलात. मी वर्गात ‘इंद्रियदत्त’ हा शब्द वापरते, म्हणजे इंद्रियांना साक्षात् मिळते ते : रंगाचा तुकडा, कठीणपणाचा स्पर्श, टकटक असा आवाज. परिभाषेसाठी दे. द. वाडेकर यांनी संपादित केलेला ‘मराठी तत्त्वज्ञान-महाकोश’ (तीन खंड, 1974) मोठ्या ग्रंथालयात पाहावा. मराठी विश्वकोशातील मे. पुं. रेगे यांच्या नोंदी तर संगणकावर विनामूल्य वाचता येतात, आणि मराठी गद्यात इतका काटेकोर विचार करता येतो हे त्या वाचून कळते.

‘प्रत्यक्ष’ मात्र निराळे आहे. ते इंद्रिय आणि विषय यांच्या संनिकर्षातून, म्हणजे संपर्कातून, होणारे ज्ञान आहे. आणि नैयायिकांच्या मते त्या ज्ञानाचा विषय रंगाचा तुकडा एवढाच नसतो, साक्षात् घटही असतो. रसेल म्हणतील की टेबल आपल्याला थेट दिसत नाही, इंद्रियदत्तांवरून आपण त्याच्यापर्यंत पोहोचतो. नैयायिक म्हणेल की मला टेबलच दिसते. बौद्ध त्याला विचारेल की अवयवांपलीकडे ‘टेबल’ नावाचा अवयवी, म्हणजे भागांहून वेगळी अशी अखंड वस्तू, आहे तरी कोठे. दुसरे आणि तिसरे प्रकरण वाचताना या तिघांपैकी आपण कोणाच्या बाजूचे आहोत, हे पानाच्या समासात पेन्सिलीने लिहीत जावे आणि येथे कळवावे.