सरकारी विम्याचे पैसे उशिरा मिळाले, व्याज मागता येतं का?

साखळीची लेक: बाबांची सरकारी विमा पॉलिसी फेब्रुवारी 2024 मध्ये मुदतीला आली. पैसे हातात पडले एप्रिल 2025 मध्ये, तेही एका पैशाच्या व्याजाविना. या चौदा महिन्यांत कदंब बसने पणजीला घातलेल्या खेपांची तिकिटं बाबांनी बाँडच्या प्लॅस्टिक पिशवीतच जपून ठेवलीत. शेवटच्या दिवशी ‘पूर्ण रक्कम मिळाली, तक्रार नाही’ अशा छापील कागदावर सही घेतली. सही केल्याशिवाय चेक नाही म्हणाले. चष्मा घरी राहिलेला. आता सगळं संपलं का? रकमेपेक्षा त्यांना असं ताटकळत ठेवलं, याचं मला जास्त लागलंय.

फोंड्याचा वकील: ताई, संपलं नाही. सर्वोच्च न्यायालयाने 1999 मध्येच सांगितलंय की नुसत्या डिस्चार्ज व्हाउचरमुळे, म्हणजे अशा छापील कागदावरच्या सहीमुळे, ग्राहकाचा हक्क जात नाही. मात्र सही दबावाने किंवा फसवून घेतली हे दाखवावं लागतं. चेक अडवून धरला होता, हे तक्रारीत ठळक लिहा. पर्वरीच्या जिल्हा ग्राहक आयोगात 2 वर्षांच्या आत जा. भरलेले हप्ते 5 लाखांपर्यंत असतील तर फी नाही.

डिचोलीचा मास्तर: आधी व्याजाचा लेखी अर्ज द्या आणि तारखेच्या शिक्क्याची पोच घ्याच. मी पोच न घेता आलो आणि तिथेच अडलो.

साखळीची लेक: जून 2024 च्या अर्जाची पोच सापडली! पावसात भिजलीय, पण शिक्का वाचता येतो. व्याजाचा अर्ज सोमवारी देते, बाबांना सोबत घेऊन.