२४ म्हणजे किती भाग?

एका गणितात दोन मुलींच्या पैशांचं गुणोत्तर ५:३ आहे आणि पहिलीकडे दुसरीपेक्षा २४ रुपये जास्त; प्रत्येकीकडे किती? मुलं सवयीने ५+३=८ करून २४ ला भागतात. उत्तर ३, नि:शेष भाग जातो, म्हणून शंकाही येत नाही! पण मग रक्कम १५ आणि ९, फरक फक्त ६.

आधी चौकोन काढायला लावा: वर ५, खाली ३. जास्तीचे २ चौकोन म्हणजे २४, एक चौकोन १२. रक्कम ६० आणि ३६.

वयाच्या गणितात फरक कायम राहतो. दोघांच्या वयांचं गुणोत्तर आज ३:५ आणि ६ वर्षांनी २:३ असेल तर दुसरं गुणोत्तर ४:६ लिहा, म्हणजे दोन्हीकडे फरक २ भाग. वाढलेला १ भाग=६. आजची वयं १८, ३०.