अनुभव धागा: तुमच्या कल्पनेतल्या जगात वेळ कुठे अडते, कुठे पळते?

आपल्यापैकी बरेच जण स्वतःची जगं रचतात, कुणी कथेसाठी, कुणी मित्रांबरोबर खेळायला. त्यात वेळेचा घोळ घालणारी एखादी दरी, धुकं किंवा वादळ हमखास असतं. पण सांगितलं जातं ते एवढंच, की आत एक दिवस गेला आणि बाहेर शंभर वर्षं उलटली. का उलटली? तिथले लोक जाळी कधी टाकतात, भात कधी लावतात? हे कळल्याशिवाय माझा त्या जगावर विश्वास बसत नाही. किनाऱ्यावरच्या माणसांकडे याची उत्तरं असणार असं मला मनापासून वाटतं. आपला निम्मा दिवस घड्याळावर चालतच नाही. तुमचा प्रकार सांगा आणि तो कोकणात कशावरून सुचला तेही.

माझ्या जगात वेळ भरतीबरोबर खाडीत शिरते. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला प्रहर लांबतात, अष्टमीच्या भांगाला, म्हणजे भरती-ओहोटी कमी असते तेव्हा, आखडतात. खारं पाणी जिथवर चढतं तिथवरच हे घडतं. ती हद्द दाखवायला कुणी दगड पुरलेला नाही. तिवरांच्या खोडांवर ओल्या चिखलाची रेघ असते, ती जिथे संपते तिथून पुढे साधी वेळ. लोकांनी आपले व्यवहार त्यावर बसवलेत. मजूर भांगाला काम मागतात, कारण दिवस छोटा आणि मजुरी तीच. मुकादम उधाणाची वाट बघतो.

तांडेलाचा नातू, मालवण
आमच्या घरी भरतीची वेळ काढायला तिथीची पाऊणपट करतात. अष्टमी असेल तर आठाची पाऊणपट सहा, म्हणून सहाच्या सुमारास भरती. चतुर्थीला तीन. हिशोब ढोबळ, पण होडी काढायला पुरतो. आजोबा अंगठा बोटांच्या पेरांवरून फिरवत हे करायचे आणि तोवर कुणी मध्ये बोललेलं त्यांना खपत नसे. भरती रोज साधारण 50 मिनिटं पुढे सरकते, म्हणजे समुद्राचा दिवस आपल्या दिवसाहून मोठा. माझ्या जगातले खलाशी त्या मोठ्या दिवसात राहतात. बंदरावर उतरले की बायकामुलांचे दिवस जास्त उलटलेले असतात, आणि तांडेल, म्हणजे होडीचा म्होरक्या, प्रत्येकाला किती दिवसांचं देणं आहे ते पेरांवर मोजून सांगतो.

सड्यावरची, रत्नागिरी
मला सुचलं ते कातळशिल्पांवरून, म्हणजे सड्यावर, जांभ्याच्या उघड्या पठारावर, कोरलेल्या जुन्या आकृत्यांवरून. सकाळी तिरप्या उन्हात चरांमध्ये सावली असते, तेव्हा उक्षी गावचा कोरलेला हत्ती स्पष्ट दिसतो. ऊन डोक्यावर आलं की चर उथळ वाटायला लागतात आणि आकृती जांभ्यात विरून जाते. मे महिन्याच्या पहिल्या पंधरवड्यात इथे शून्य सावलीचा दिवस येतो, तेव्हा तर उभ्या काठीचीही सावली पडत नाही. मात्र हे बाराला होत नाही, साडेबारा उलटल्यावर होतं. भारताची प्रमाणवेळ साडेब्याऐंशी रेखांशाची आणि रत्नागिरी त्याच्या बरीच पश्चिमेला, त्यामुळे सरासरी 37 मिनिटांचा फरक पडतो. जवळजवळ दीड घटका! घड्याळाचे बारा आणि सूर्याचे बारा यांच्यामधली ही दीड घटका माझ्या जगात कुणाच्याच मालकीची नाही. तेवढ्यात कातळातली जनावरं चरांतून उठून पाण्यावर जातात. तेव्हा सड्यावर असलेल्या माणसाचं वय वाढत नाही, पण सावलीही परत मिळत नाही. गुराखी म्हणून गुरं अकरालाच उतरवतात.

कुंडाकाठी, राजापूर
आमच्याकडे उन्हाळे गावात गंगा येते, म्हणजे जमिनीतून एकाएकी पाणी वाहायला लागतं. साधारण तीन वर्षांनी येते म्हणायचं, पण नेम नाही. कधी लवकर, कधी फार वाट बघायला लावते. आली की चौदा कुंडं भरतात, काही आठवडे-महिने वाहते आणि जाते. जमिनीखाली सायफनसारखी रचना असावी असा तर्क करतात. मी लहान असताना पाहिलेलं सांगते: कुंडाच्या तळाशी पाचोळा पडलेला होता, आणि पाणी आलं तेव्हा तो सगळा एकदम वर तरंगला. बायका आंघोळीची गडबड करत होत्या आणि मी त्या पाचोळ्याकडेच बघत बसले.
माझ्या जगात पंचांग नाही. पाणी आलं की वर्ष बदलतं. शेतसारा वर्षाला एकदाच, म्हणून पाणी लांबलं की रयत खूश आणि राजा कासावीस. राजाची माणसं रात्री घागरीने कुंडं भरायला येतात.

वाळूतली, वेळास
कासवाच्या अंड्यांतून पिल्लं यायला 45 ते 60 दिवस लागतात. वाळू ऊबदार असेल तर लवकर, थंड असेल तर उशिरा. माझ्या बेटावर माणसांचंही तसंच आहे. तिथली म्हातारी माणसं सावलीतली जागा सोडत नाहीत.

घळीवरचा, हेदवी
मला थोडा विरोध नोंदवायचाय. बामणघळीत भरतीची लाट अरुंद फटीत घुसते आणि पाणी उंच उडतं. कारण पाठ असूनही अंगावर काटा येतो. माझ्या जगातली घळ जुने आवाज बाहेर फेकते. का, ते मी सांगणार नाही.

धागाकर्ती
नका सांगू. पण भरतीलाच फेकते ना? मग नियम आहे, आणि मला तेवढाच हवा होता. कुंडाकाठी, दोन गंगांच्या मधे जन्मलेल्या मुलांचं वय कसं धरतात?

कुंडाकाठी, राजापूर
सगळी एकाच वयाची. एका घरात दोन भाऊ त्याच वर्षातले निघाले तर थोरला कोण ते आई ठरवते, आणि ते तिला कुंडावर चारचौघांत सांगावं लागतं. माझ्या कथेतली आई सांगायला नकार देते. जमीन पडून राहते, भावकी दारात येऊन बसते. पुढचं प्रकरण लिहून झालं की इथेच टाकते.