ट्रॅप, बेसाल्ट, काळा पाषाण की कातळ? शब्द हवाय

चकवा
मंडळी, एका किल्ल्याच्या वाटेवर लावायच्या माहितीफलकांचं भाषांतर करतोय. इंग्रजी मजकुरात एके ठिकाणी हा किल्ला दख्खनच्या 'एन्शन्ट ट्रॅप रॉक'वर उभा आहे असं आहे. माझ्याकडे जो कच्चा खर्डा आला तो मशीनने केलेला, त्यात लिहिलंय 'हा किल्ला दख्खनच्या प्राचीन सापळ्यावर उभा आहे'. हसून झालं, पण आता मी काय लिहू हे कळेना. 'ट्रॅप' तसंच ठेवलं तर वाचणाऱ्याला काय बोध होणार, आणि नुसतं 'काळा दगड' लिहिलं तर पैसे कशाचे घेतोय असं मलाच वाटतं. फलकावर जागा चाळीस शब्दांची आहे. सुचवा.

रिकामटेकडा
सापळा राहू द्या की. मराठीत सापळा हाडांचाही असतो आणि लाच घेताना पकडायला लावतात तोही असतो. सहलीची पोरं विचारतील डायनासोरचा सापळा कुठाय, आणि गंमत म्हणजे काळही साधारण जुळतो.

खडूफळा
यातला ट्रॅप उंदीर पकडायचा नव्हेच. स्वीडिश भाषेत 'ट्राप्पा' म्हणजे जिना, त्यावरून आलाय. आपल्या सह्याद्रीत लाव्ह्याचे थरावर थर साचले, कठीण थर कड्यासारखा उभा राहतो आणि मऊ थर झिजून उतार होतो, त्यामुळे लांबून डोंगर पायऱ्यापायऱ्यांचा दिसतो. माळशेजला पावसाळ्यानंतर गवत वाळलं की या पट्ट्या स्वच्छ दिसतात. तीस वर्षं भूगोल शिकवला, दर वर्षी कुणीतरी विचारायचंच की सर ट्रॅप म्हणजे फसवणूक ना. मराठी विश्वकोशात 'दक्षिण ट्रॅप' असा शब्द आहे, तोच घ्या आणि मोकळे व्हा.

तळटीप
सर, 'दक्षिण ट्रॅप'मध्ये डेक्कनचं भाषांतर केलं आणि ट्रॅपचं तसंच सोडलं, हे अर्धं सोवळं झालं. शिवाय आज 'दक्षिण' म्हटलं की लोकांना तमिळनाडू-केरळ दिसतं. आणि चकवा, तुम्ही दगडाचं नाव विचारताय की पठाराचं? ट्रॅप हे त्या अख्ख्या थरांच्या रचनेचं नाव, दगडाचं नाव बेसाल्ट, आणि बेसाल्टला मराठीत 'असिताश्म' हा चांगला शब्द तयार आहे. असित म्हणजे काळा, अश्म म्हणजे दगड. वापरत नाही म्हणून रुळत नाही आणि रुळला नाही म्हणून वापरत नाही, हे किती दिवस चालायचं?

रिकामटेकडा
असिताश्म ऐकून मूत्रपिंडाच्या डॉक्टरकडे जावंसं वाटतं. आयुर्वेदात मुतखड्याला अश्मरी म्हणतात, आठवलं म्हणून सांगितलं.

तळटीप
जीवाश्म म्हणताना जावंसं वाटतं का? वालुकाश्म म्हणताना? ते शाळेत शिकवले म्हणून गोड लागतात, एवढाच फरक आहे.

भूगर्भी
याच विषयात काम करते म्हणून लिहिते. असिताश्म चुकीचा नाही, पण आमच्यात बोलताना कुणी म्हणत नाही, आम्ही बेसाल्टच म्हणतो. अडचण अशी की प्रत्येक बेसाल्ट काळा नसतो, राखाडी असतो, हिरवट असतो, हवा-पाणी लागून तपकिरी झालेला असतो. आणि प्रत्येक काळा दगड बेसाल्ट नसतो. स्वयंपाकघरातल्या ओट्याचा कडप्पा काळाच असतो पण तो चुनखडकाच्या जातीचा. रंगावरून नाव ठेवलं की असं होतं.

दुसरं म्हणजे 'प्राचीन'. दख्खनचा लाव्हा साधारण 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वीचा. माणसाच्या हिशेबात अफाट, पण दगडांच्या हिशेबात तरुण. सिंधुदुर्गात, भंडारा-गडचिरोलीत 250 कोटी वर्षांहून जुने खडक उघडे पडलेत. त्यांच्यापुढे हा कालचा पोर.

चकवा
हे बरं सांगितलंत. 'प्राचीन खडक' लिहिल्यावर मलाच तो पांडवांनी एका रात्रीत आणून ठेवल्यासारखा वाटत होता.

पाणाड्याचा पुतण्या
तुम्ही सगळे संस्कृत आणि स्वीडिश काढताय पण या दगडाला नावं आहेत ना आपल्याकडे, रोजची. माझे काका नारळ हातावर ठेवून पाणी बघायचे (लागायचं किती वेळा ते विचारू नका), त्यांच्याबरोबर विहिरींवर लहानपण गेलं. वरती माती, मग मुरूम, मग मांजऱ्या, मग काळा पाषाण. मधेच एखादा लालभडक गेरूचा पट्टा. विहीर खोदणाऱ्या कुठल्याही माणसाला विचारा, तो तुम्हाला हाच क्रम सांगेल, खालीवर होईल पण शब्द हेच. 'पाषाण लागला' म्हटलं की घरात सुतक, कारण सुरुंगाचा खर्च वाढला आणि पाण्याची आशा कमी झाली. त्यामुळे माझं मत काळा पाषाण. फलकावर लिहा 'काळ्या पाषाणाचे थर', शेतकरी वाचेल तरी आणि पोरंही वाचतील.

भूगर्भी
हे फार सुंदर आहे आणि अगदी बरोबर आहे. मांजऱ्या म्हणजे लाव्ह्याच्या थराचा वरचा भाग, ज्यात वायूचे बुडबुडे अडकून पोकळ्या झाल्या आणि त्या पुढे पांढऱ्या-हिरव्या खनिजांनी भरल्या. तो लवकर झिजतो आणि झिजला की पाणी धरतो. काळा पाषाण म्हणजे त्याच थराचा घट्ट भाग, त्यात पाणी असलंच तर फक्त भेगांत. गेरू म्हणजे दोन उद्रेकांच्या मधे गेलेला काळ, खालच्या थरावर तयार झालेली माती वरून आलेल्या लाव्ह्याने भाजून निघाली. आम्ही पुस्तकातून जे शिकलो ते काकांच्या चार शब्दांत बसलंय.

रिकामटेकडा
पण मांजऱ्याच का? मांजराचा काय संबंध?

पाणाड्याचा पुतण्या
मांजरे डोळे म्हणतो ना आपण, घारे, तसा तो फिकट राखी ठिपक्याठिपक्यांचा दिसतो म्हणून. लहानपणापासून हेच ऐकलंय.

तळटीप
मला 'मंजिरी'वरून वाटतं. तुळशीच्या मंजिरीसारखे बारीक दाणे दगडात पसरलेले असतात. मंजिरी, मांजरी, मांजऱ्या.

खडूफळा
मांजरा नदी विसरू नका. तिच्या खोऱ्यातला दगड म्हणून मांजऱ्या असं का नसेल?

पाणाड्याचा पुतण्या
सर, आमचं गाव मांजरेपासून दोनशे किलोमीटरवर, आमच्या गवंड्यांनी ती नदी नकाशात पण बघितलेली नाही.

सड्यावरची
मला वाटलं कुणीतरी 'कातळ' म्हणेल, शेवटी मीच म्हणते. आमच्या रत्नागिरीकडे खडक म्हणजे कातळ. कातळावर पाणी, कातळावरचा सडा म्हणजे उघडा माळ, कातळशिल्पं. इतका ठसठशीत शब्द सोडून अश्म कशाला? एका ओळखीतल्या देशावरच्या बाईंना मी मागे 'कातळ' म्हटलं तर त्या म्हणाल्या आमच्याकडे हा शब्द कवितेत असतो, बोलण्यात खडकच. मला फार लागलं होतं ते तेव्हा.

भूगर्भी
ताई, लागू देऊ नका, पण या फलकावर कातळ नको. तुमच्या सड्यावरचा कातळ म्हणजे जांभा, तांबडा सच्छिद्र. बारसू, कशेळी, उक्षी, सगळी कातळशिल्पं त्या जांभ्यावर कोरलेली आहेत, 2022 साली युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या तात्पुरत्या यादीत गेली ती हीच. किल्ला घाटावरचा असेल तर तो काळ्या बेसाल्टवर असणार.

सड्यावरची
जांभा तरी कुठून आला? तुमच्याच काळ्या दगडाचा पावसापाण्याने झालाय ना? आणि कातळ ही जात नाहीये, कातळ म्हणजे उघडा पडलेला, अखंड, ज्यावर कुदळ चालत नाही असा. काळा असला तरी कातळ आणि तांबडा असला तरी कातळ. नाव दगडाचं नाही, त्याच्या वागण्याचं आहे.

भूगर्भी
कुठून आला ते बरोबर, बहुतेक ठिकाणी बेसाल्ट झिजूनच. दुसऱ्या मुद्द्यावर माझ्याकडे उत्तर नाही.

खडूफळा
जांभ्याचं इंग्रजी नावही बघण्यासारखं आहे. फ्रान्सिस बुकानन हा ब्रिटिश डॉक्टर 1800 च्या सुमारास केरळात अंगाडिपुरमला गेला, तिथे लोक जमिनीतून तांबडा दगड विटांसारखा कापून काढत होते, ओला असताना मऊ आणि वारं लागलं की टणक. 1807 मध्ये छापलेल्या प्रवासवर्णनात त्याने लॅटिनमधल्या विटेच्या शब्दावरून 'लॅटराइट' केलं. म्हणजे त्याने दगडाला नाव दिलं ते लोक त्याचं काय करतात ते बघून. आपल्याकडे कोकणात त्याच विटेला चिरा म्हणतात, तेही चिरण्यावरूनच.

तळटीप
चिरा जांभ्याचाच असतो असं काही नाही. चिरेबंदी वाडा म्हणतो तो देशावर काळ्या घडीव दगडाचा असतो.

सड्यावरची
चिरा जांभ्याचाच. चिरेखाण कुठे असते? आमच्याकडे. देशावर असते का चिरेखाण?

तळटीप
वाडे कुठे असतात?

रिकामटेकडा
दगडफेक सुरू झाली.

चकवा
मंडळी, ट्रॅप. चाळीस शब्द.

तळटीप
हो हो. मग 'सोपानाश्म'? सोपान म्हणजे जिना. मूळ स्वीडिश अर्थही आला.

रिकामटेकडा
ज्ञानेश्वरांच्या धाकट्या भावाचा दगड.

खडूफळा
बेसाल्ट ठेवा असं मलाही आता वाटायला लागलंय, आणि त्याचं कारण वेगळं आहे. हा शब्द आपल्याला वाटतो तितका परका नाही. प्लिनी या जुन्या रोमन लेखकाच्या ग्रंथात 'बसाल्टेस' असं येतं पण ती 'बसानितेस'ची नकलून काढताना झालेली चूक असावी असं मानतात. आणि त्यामागचा ग्रीक 'बसानोस' म्हणजे काय तर सोनं घासून पारखायचा काळा दगड. आपली कसोटी! ग्रीकमध्ये त्या शब्दाचा अर्थ पुढे परीक्षा, छळ असा होत गेला आणि आपल्याकडेही कसोटी लागणे हे सोनाराच्या दुकानातून निघून थेट क्रिकेटपर्यंत गेलं. 1546 मध्ये आग्रिकोला या जर्मन पंडिताने तो चुकीचा शब्द सॅक्सनीतल्या काळ्या खांबांच्या खडकाला लावला आणि तो जगभर झाला. म्हणजे बेसाल्ट हा मुळात लेखनिकाच्या हातून निसटलेला शब्द. अशुद्धलेखन पाचशे वर्षं टिकलं!

तळटीप
सर, मग निकष! संस्कृतात कसोटीच्या दगडाला निकष म्हणतात. निकषाश्म...

पाणाड्याचा पुतण्या
दादा थांबा आता.

भूगर्भी
शुद्ध मराठीचा आग्रह धरणाऱ्यांसाठी एक गोष्ट. दख्खनच्या थरांचे जे गट पाडलेत त्यांची नावं काय आहेत माहितीये? नेरळ, ठाकूरवाडी, भीमाशंकर, खंडाळा, बुशे, पोलादपूर, आंबेनळी, महाबळेश्वर. जगातला कुठलाही भूवैज्ञानिक डायनासोर कशाने मेले यावर वाद घालायला लागला की त्याला पोलादपूर आणि आंबेनळी म्हणावं लागतं, आणि काय उच्चार करतात विचारू नका. त्यामुळे त्यांचा एक बेसाल्ट आपण घेतला तर बिघडत नाही.

सड्यावरची
आंबेनळीचा उच्चार ऐकायचाय मला.

पाणाड्याचा पुतण्या
'काळवत्री' कुणीच म्हटलं नाही अजून. आमच्या आजीचा पाटा-वरवंटा काळवत्रीचा होता. टाकी लावायला बाई यायची दारावर, ती आधी बोटाच्या पेराने दगड वाजवून बघायची. घण्ण वाजला तर चांगला, बद्द वाजला तर आत चीर आहे. आजी म्हणायची काळवत्रीचा पाटा तीन पिढ्या जातो आणि बारीक कच पडत नाही चटणीत. कुणी काळवथरी पण म्हणतं.

तळटीप
काळा पत्थर, काळवत्थर, काळवथरी. हा नक्की बरोबर आहे, पैज लावतो.

खडूफळा
वाजवून बघण्यावरून आठवलं. जुन्या शिल्पशास्त्रात शिळांचे नर, मादी आणि नपुंसक असे प्रकार सांगितलेत आणि ते ओळखायची एक खूण म्हणजे टाकीखाली निघणारा आवाज. त्या बाईंनी ग्रंथ वाचला नव्हता, किंवा ग्रंथ लिहिणाऱ्याने तिच्यासारख्या कुणालातरी विचारलं असेल. वेरूळचं कैलास याच दगडात वरून खाली खोदत नेलं, तेव्हा किती जणांनी किती वेळा कान लावला असेल.

भूगर्भी
आणखी एक, फलकावर कृपा करून 'लाव्हारस' लिहू नका. लाव्हा हाच रस आहे, परत रस कशाला?

तळटीप
शिलारस म्हणा मग.

भूगर्भी
शिलारस आम्ही जमिनीच्या पोटातल्याला म्हणतो, बाहेर आला की लाव्हा. शिवाय काष्ठौषधीच्या दुकानात शिलारस मागितला तर धुपाला लागणारा डिंक मिळतो.

रिकामटेकडा
'ज्वालामुखी' तरी चालेल का? का तोही कुठल्या दुकानात मिळतो?

भूगर्भी
तो देवळात मिळतो. हिमाचलात कांगड्याजवळची ज्वालामुखी देवी, तिथे जमिनीतून येणाऱ्या वायूच्या ज्योती आहेत, ज्वालामुखी नाही. आणि दख्खनला मुख वगैरे कुठे होतं, लांबलचक भेगा होत्या, त्यातून लाव्हा पाण्यासारखा वाहत गेला. तरी आज पाच लाख चौरस किलोमीटर शिल्लक आहे. शंकूच्या आकाराचा धूर सोडणारा डोंगर चित्रात काढू नका म्हणावं.

चकवा
चित्र ऑलरेडी काढून झालंय. शंकू आहे, धूर पण आहे.

तर काल मजकूर दिला एकदाचा. मी लिहिलं होतं 'काळ्या पाषाणाचे, म्हणजे बेसाल्टचे, थरावर थर'. तपासणाऱ्यांनी 'काळ्या पाषाणाचे' खोडलं, ते म्हणाले बोलीभाषा वाटते. 'बेसाल्ट' राहिलं. आणि पुढे कंसात 'प्राचीन' परत घातलंय.

सड्यावरची
कंसात का?

चकवा
विचारलं नाही.

पाणाड्याचा पुतण्या
काकांना आत्ता फोन लावला होता मांजऱ्याबद्दल. ते म्हणाले तो मऊ असतो आणि त्याला नखं लागतात, म्हणून. पहारीची का मांजराची ते नीट ऐकू आलं नाही, रेंज गेली. उद्या परत विचारतो.

तळटीप
मंजिरीचं पण विचारा.