मदत हवी आहे: लॅन्थनम अ‍ॅसिटेट भट्टीत जाळल्यावर उरलेलं वजन जास्त का येतंय?

नमस्कार मंडळी. एम.एस्सी.च्या प्रकल्पासाठी लॅन्थनम अ‍ॅसिटेट बनवलंय. त्यात पाणी नेमकं किती, इथे अडकले आहे. आमच्याकडे टीजीए (तापवताना वजन कसं घटतं ते सतत नोंदवणारं यंत्र) नाही. मफल भट्टी, तराजू आणि ब्युरेट, एवढ्यावरच भागवायचंय.

ज्यापासून ते बनवलं, ते बाटलीतलं लॅन्थनम ऑक्साईड जुनं होतं. आधी तसंच अ‍ॅसिटिक आम्लात टाकलं तर चांगलंच फसफसलं. म्हणून ते 900 अंशांवर दोन तास भाजलं आणि 3.26 ग्रॅम कोमट, 50 टक्के आम्लात विरघळवलं. या वेळी फेस आला नाही. वॉटर बाथवर आटवून पांढरे स्फटिक मिळाले.

लॅन्थनम मोजायला ईडीटीए (धातूच्या आयनाला एकास एक बांधणारं अभिकारक) टायट्रेशन केलं: रंगदर्शक झायलेनॉल ऑरेंज, हेक्सामिन बफर, पीएच 5.5. जांभळट लाल रंग शेवटच्या थेंबाला लिंबासारखा पिवळा होतो, तिन्ही वेळा अगदी स्वच्छ. 0.0858 ग्रॅमला 0.01 मोलर द्रावण 25.0 मिली लागलं. म्हणजे लॅन्थनम 40.5 टक्के, एका लॅन्थनममागे पाण्याचे दीड रेणू.

मग पडताळा म्हणून 1.000 ग्रॅम 600 अंशांवर दोन तास ठेवलं. सुरुवातीला अ‍ॅसिटोनचा वास आला. उरलं 0.539 ग्रॅम, पांढरं शुभ्र. आणखी तासभर तापवूनही तेवढंच. ऑक्साईड 0.475 ग्रॅम यायला हवं होतं. टायट्रेशन चुकलं की भट्टी? परवा सरांना दाखवायचंय, कृपया सांगा.

प्रतिसाद:
ताई, दोन्ही बरोबर आहेत, फक्त उरलंय ते ऑक्साईड नाही. अ‍ॅसिटेट तापलं की अ‍ॅसिटोन निघून जातं आणि कार्बोनेट मागे राहतं. त्यातला बराचसा कार्बन डायऑक्साईड सुटतो, पण थोडा लॅन्थनम धरून ठेवतो. हे डायऑक्सीकार्बोनेट, रेणुभार 369.8. तुमच्या दीड पाण्याच्या क्षारातून ते 53.9 टक्केच यायला हवं. गणित करून बघा. 600 ला ते टिकून राहतं, म्हणून वजन स्थिर दिसलं. वजन स्थिर झालं म्हणजे विघटन पूर्ण झालं, असं इथे धरू नका.

खात्री करायची तर चिमूटभर अवशेषावर पातळ हायड्रोक्लोरिक आम्लाचे थेंब टाका. जुन्या बाटलीतलं ऑक्साईड ज्यामुळे फसफसलं, तोच वायू निघेल. ऑक्साईड हवेतला ओलावा आणि कार्बन डायऑक्साईड ओढून घेतं, म्हणूनच तुम्हाला ते आधी भाजावं लागलं. तोच उपाय इथेही करा: 900 अंश, दोन तास. नंतर डेसिकेटरमध्ये (ओलावा शोषणाऱ्या बंद भांड्यात) थंड करा आणि झाकण ठेवून लगेच वजन करा.

धागाकर्ती:
थेंब टाकले, बारीक बुडबुडे आले! शिल्लक अ‍ॅसिटेटमधून नवा 1.000 ग्रॅम घेऊन 900 ला ठेवला: 0.476. मनापासून आभार. झाकणाशिवाय तराजूवर ठेवून पाहिलं तर आकडा डोळ्यांदेखत वर सरकत होता, म्हणून वहीत झाकणासह घेतलेलं वजनच लिहिलंय.