उत्तर आयर्लंडमधल्या ‘ट्रबल्स’ला मराठीत काय म्हणायचं?

शब्दवेल्हाळ
एका दिवाळी अंकासाठी उत्तर आयर्लंडच्या संघर्षावरच्या आणि तिथल्या शांतता करारावरच्या पुस्तकांवर लेख लिहितेय आणि पहिल्याच वाक्यात अडकलेय. १९६० च्या दशकाच्या शेवटापासून १९९८ च्या करारापर्यंत तिथे जे चाललं, साडेतीन हजारांवर माणसं मारली गेली, त्याला तिथले लोक ‘द ट्रबल्स’ म्हणतात. मी ‘अशांतता’ लिहिलं होतं. संपादकांनी ते खोडून ‘यादवी’ केलं. त्यांचं म्हणणं, एवढी माणसं गेली आणि तुम्ही अशांतता काय म्हणताय, वाचकाला वाटेल दोन दिवस दुकानं बंद होती. मला त्यांचा मुद्दा कळतो पण पटत नाही. तिथल्या लोकांनी इतका बोथट शब्द तीस वर्षं वापरला त्याला कारण असणार ना, मग मी तो मराठीत आणताना धार का लावायची? कुणाला दुसरा शब्द सुचतोय का?

जुना वाचक
संपादक बरोबर आहेत. यादवी हा आपला चांगला कमावलेला शब्द आहे, प्रभासक्षेत्री यादव एकमेकांशी लढून संपले त्यावरून आलेला. एकाच मातीतली माणसं एकमेकांना मारतात तेव्हा यादवीच म्हणायचं. ‘अशांतता’ हा जमावबंदीच्या नोटिशीतला शब्द आहे, त्यात रक्त दिसत नाही.

बेलफास्टकर
काका, यादवीला माझी एक सरळ हरकत आहे, ती जागा आयर्लंडमध्ये आधीच भरलेली आहे. १९२१ मध्ये ब्रिटिशांशी तह झाला, तो मानणारे आणि न मानणारे असे दोन गट १९२२-२३ मध्ये आपसात लढले, त्याला तिथे सिव्हिल वॉर म्हणतात आणि मराठीत त्याला यादवीच म्हणावं लागेल. मग पन्नास वर्षांनंतरच्या या प्रकरणालाही यादवी म्हटलं तर वाचणाऱ्याने कुठली समजायची?

दुसरं असं की मी बरीच वर्षं इथे राहतोय आणि इथे तुम्ही कुठला शब्द वापरता त्यावरून तुमची बाजू ओळखतात. आयआरएवाले, म्हणजे उत्तर आयर्लंड ब्रिटनपासून तोडून आयर्लंडला जोडायला निघालेली सशस्त्र संघटना, त्याला युद्ध म्हणायचे, परक्या फौजेविरुद्धचं. ब्रिटिश सरकार युद्ध म्हणायला कधीच तयार नव्हतं, त्यांच्या लेखी हा कायदा-सुव्यवस्थेचा आणि दहशतवादाचा प्रश्न होता, अर्थात त्यासाठी लष्कर १९६९ मध्ये रस्त्यावर आलं आणि ती मोहीम २००७ मध्ये संपली ही गोष्ट वेगळी. युद्ध म्हणा, दहशतवाद म्हणा, एक बाजू उठून जाणार. ‘ट्रबल्स’ म्हटलं की दोघंही बसून राहतात, म्हणून तो शब्द टिकला. डेरी म्हणायचं की लंडनडेरी इथपासून हेच आहे, एकाच गावाची दोन नावं आणि तोंड उघडलं की कळतं कोण बोलतंय. यादवी म्हणजे सगळे एका कुळातले हे आधीच ठरवून टाकणं झालं, आणि भांडण तर नेमकं त्यावरच आहे की आपण एका देशाचे आहोत का.

बालाघाट
हे वाचून मला आमच्याकडचा शब्द आठवला. मराठवाड्यात जुनी माणसं ४७-४८ च्या काळाला नुसतं ‘रझाकारी’ म्हणतात. आजी म्हणायची, ‘रझाकारीत आम्ही गाव सोडलं’, ‘तुझा आजा रझाकारीतला’. त्यात लढा नाही, युद्ध नाही, मुक्तिसंग्रामही नाही, मुक्तिसंग्राम शाळेच्या पुस्तकातला, घरातला नव्हे. आणि भारताचं सैन्य आलं त्याला आजही पोलिस अ‍ॅक्शनच म्हणतात, रणगाडे आले तरी पोलिस! म्हणजे लोक काळाला स्वतःच एक नाव देतात आणि ते नाव नेहमी प्रसंगापेक्षा लहान असतं. शब्दवेल्हाळताई, ‘त्या धामधुमीच्या काळात’ असं केलं तर? जुन्या मराठीत धामधूम म्हणजे फौजांची धावपळ, लुटालूट.

तर्कटी
धामधूम म्हटलं की आजच्या वाचकाला लग्न दिसणार. जुना अर्थ कितीही खरा असला तरी तो मेलाय, मेलेला शब्द लेखात उभा करून खाली टीप देणार का? सरळ ‘ट्रबल्स’ लिहा. आपण होलोकॉस्ट लिहितो, इंतिफादा लिहितो, कुणाचं काही बिघडलं नाही.

जुना वाचक
असंच करत गेलो तर मराठीत क्रियापदांशिवाय काही उरणार नाही. महापौर, दिनांक, हुतात्मा हे शब्द सावरकरांनी दिले तेव्हाही लोक म्हणालेच असतील की मेयर, तारीख आहे की. वापरले म्हणून रुळले. होलोकॉस्ट हे विशेषनाम आहे, ‘ट्रबल’ हा तर आपली पोरं दिवसातून दहा वेळा म्हणतात तो शब्द, गाडीत ट्रबल आहे, नेटला ट्रबल आहे. तो लेखात तसाच ठेवलात तर वाचणाऱ्याला गाडीचा बिघाडच आठवेल.

तर्कटी
इंग्रजीतही तो बिघाडाचाच शब्द आहे, हेच तर ताई सांगतायत. तिकडच्या वाचकालाही तो तसाच लहान वाटत असणार.

शब्दवेल्हाळ
हो, माझा मुद्दा तोच आहे. ज्या पुस्तकांवर लिहितेय त्यांतलं एक ‘लॉस्ट लाइव्ह्ज’. चार-पाच पत्रकार-लेखकांनी वर्षानुवर्षं खपून १९६६ पासूनच्या प्रत्येक मृत्यूची नोंद तारखेप्रमाणे लावलीय. सैनिक, आयआरएचा माणूस, रस्त्यावरचं पोर, पोलिस, सगळे एकाच रांगेत, कुणाला वेगळा विभाग नाही. ते पुस्तक मी सलग वाचूच शकले नाही. त्या पुस्तकात कुणाला हुतात्मा म्हटलेलं नाही की कुणाला अतिरेकी म्हणून बाजूला काढलेलं नाही, आणि मी त्यावर लिहिताना यादवी म्हणून निकाल देऊ? एवढंच माझं म्हणणं आहे.

आणखी एक अडचण राहिलीच. ‘सेक्टेरियन’ला काय म्हणू? सांप्रदायिक लिहिलं की वारकरी संप्रदाय आठवतो.

वसईवाला
सांप्रदायिक हे हिंदीतून आलंय, हिंदीत त्याचा अर्थ आपण जातीय म्हणतो तो. मराठी पेपरांत हिंदू-मुस्लिम दंगलीलासुद्धा वर्षानुवर्षं ‘जातीय दंगल’च छापलंय, जातीचा काही संबंध नसताना. तिथे कॅथलिक आणि प्रॉटेस्टंट आहेत, दोघंही ख्रिस्तीच, तेव्हा ‘पंथीय’ बरोबर. पण मी कॅथलिक आहे म्हणून सांगतो, ते भांडण मारियेवरून किंवा पोपवरून नव्हतं. १७ व्या शतकात स्कॉटलंड-इंग्लंडमधून आणून वसवलेल्यांचे वंशज एकीकडे, मूळचे आयरिश दुसरीकडे, आणि मग घरं कुणाला मिळणार, नोकऱ्या कुणाला, मतदारसंघ कसे आखणार हे सगळं. पंथीय लिहिलंत तर लोकांना वाटेल बायबलवरून मारामारी झाली.

जाता जाता, गुड फ्रायडे कराराला कुठेतरी ‘शुभ शुक्रवार करार’ वाचलं होतं. मराठी चर्चमध्ये ‘उत्तम शुक्रवार’ म्हणतात, निदान तेवढं तरी बघा. करार १० एप्रिल १९९८ चा, त्या दिवशी खरोखर उत्तम शुक्रवार होता म्हणून ते नाव.

बेलफास्टकर
आणि बरेच युनियनिस्ट, म्हणजे ब्रिटनबरोबरच राहायचं म्हणणारे, त्याला बेलफास्ट करार म्हणतात, बघा.

तर्कटी
युनियनिस्टवरून आठवलं, त्यांचं काय करणार? ‘संघवादी’ लिहिलं तर महाराष्ट्रात त्याचा एकच अर्थ होतो. नॅशनलिस्टला ‘राष्ट्रवादी’ म्हणाल तर घड्याळ दिसेल. लॉयलिस्टला ‘निष्ठावंत’ म्हटलं तर २०२२ नंतर तो शब्दही एका गटाकडे गेलाय. तिन्ही शब्द कोशात बरोबर आणि लेखात तिन्ही चूक.

बालाघाट
‘ब्रिटनवादी’ आणि ‘आयर्लंडवादी’ करा. कोशात नसेल पण वाचणाऱ्याला कळेल कोण कुणाकडे.

बेलफास्टकर
त्याने अर्धं काम होईल. युनियनिस्ट आणि लॉयलिस्ट दोघंही ब्रिटनबरोबर राहायचं म्हणणारे, पण लॉयलिस्ट म्हटलं की बंदूकधारी टोळ्यांची छाया येते. तसंच नॅशनलिस्ट म्हणजे साधारण जॉन ह्यूम यांच्या वाटेचे, मतपेटीतून जाणारे, आणि रिपब्लिकन म्हणजे आयआरए आणि तिच्या बाजूचा शिन फेन पक्ष. ह्यूम आणि युनियनिस्टांचे डेव्हिड ट्रिंबल यांना ९८ चं शांततेचं नोबेल मिळालं, त्या दोघांना तुम्ही बंदूकवाल्यांच्या शब्दात बसवलंत तर त्यांच्यावर अन्याय होईल. त्यापेक्षा चारही शब्द तसेच ठेवा आणि सुरुवातीला एक परिच्छेद समजावून सांगण्यात घालवा. दिवाळी अंकाचा वाचक तेवढा वेळ देतो.

आणि ताई, शस्त्रांबद्दल लिहिताना फार जपून लिहा. ३१ ऑगस्ट १९९४ ला आयआरएने लष्करी कारवाया पूर्णपणे थांबवल्याचं जाहीर केलं, तर पुढचे कित्येक महिने वाद कशावर, तर त्यात ‘कायमच्या’ हा शब्द नाही यावर. लंडनचं सरकार म्हणे तो शब्द म्हणा, ते म्हणेनात. फेब्रुवारी ९६ मध्ये लंडनच्या डॉकलंड्समध्ये बॉम्ब फुटला आणि ती शस्त्रबंदी मोडली. नंतर हत्यारांचा प्रश्न आला तेव्हा ‘सरेंडर’ शब्द कुणी वापरू शकत नव्हतं, म्हणून ‘डीकमिशनिंग’ काढला, आणि हत्यारं ‘वापराच्या पलीकडे’ नेली अशी भाषा केली. ते २००५ मध्ये पूर्ण झालं. तुम्ही ‘आयआरएने शस्त्रं खाली ठेवली’ असं लिहिलंत की मराठीत ती शरणागती होते, जे त्यांनी आयुष्यभर नाकारलं.

जुना वाचक
मग ‘शस्त्रं म्यान केली’.

बेलफास्टकर
म्यान केलेली तलवार पुन्हा बाहेर काढता येते काका. समोरच्यांना नेमकी तीच भीती होती.

बालाघाट
‘निकामी केली’. आमच्याकडे बॉम्ब निकामी करतात, तेव्हा पोलिस जिंकले की बॉम्बवाला हरला असं काही त्या शब्दात येत नाही.

शब्दवेल्हाळ
निकामी केली घेतलं, याच्याहून चांगला मिळणार नाही. आणि ‘डिसअपीअर्ड’? ‘से नथिंग’ या पुस्तकात जीन मॅकॉन्व्हिल या दहा मुलांच्या आईला आयआरएने डिसेंबर १९७२ मध्ये घरातून नेलं, तिचे अवशेष २००३ मध्ये समुद्रकिनाऱ्यावर सापडले. बेपत्ता लिहिलं की ती स्वतः कुठे गेली असं वाटतं.

वसईवाला
परागंदा?

जुना वाचक
अजिबात नाही. परागंदा म्हणजे स्वतः देशोधडीला लागलेला, पळालेला. ‘नाहीशी केलेली’ म्हणा. मराठीत नाहीसा होणे आणि नाहीसा करणे दोन्ही आहेत, करणाऱ्याला त्यात जागा आहे.

शब्दवेल्हाळ
हा फार छान सापडला काका. आता शेवटचं, १९८१ चं उत्तर आयर्लंडमधल्या मेझ तुरुंगातलं प्रकरण. दहा रिपब्लिकन कैदी अन्नावाचून मेले, बॉबी सँड्स ६६ व्या दिवशी, आणि मरताना तो निवडून आलेला खासदार होता. उपोषण लिहिलं की एकादशी आठवते किंवा मंत्रालयासमोरचा मांडव. प्रायोपवेशन लिहू का?

तर्कटी
प्रायोपवेशन म्हणजे जगण्याचं काम संपलं म्हणून माणूस शांतपणे अन्न सोडतो. यांच्या तर मागण्या होत्या, कैद्याचे कपडे घालणार नाही वगैरे पाच. मागण्या मान्य झाल्या असत्या तर जेवले असते. ‘अन्नत्याग’ही तसाच, विरक्तीचा.

बालाघाट
मग खरा शब्द ‘धरणं’! आता धरणं म्हणजे फलक घेऊन बसणं एवढंच उरलंय, पण पूर्वी ज्याच्याकडून येणं आहे त्याच्या दारात उपाशी बसायचं, तो देईपर्यंत उठायचं नाही, मेलो तर पाप त्याच्या माथी. देवळातही धरणं धरून बसायचे. इंग्रजांनी १८६० च्या दंडसंहितेत ५०८ कलमात याचं उदाहरणच घातलं होतं, कुणी दुसऱ्याच्या दारात धरणं धरून बसला तर. आणि आयर्लंडच्या जुन्या कायद्यातही असंच दारात उपाशी बसणं होतं, हेन्री मेन या कायदेपंडिताने १९ व्या शतकातच दोन्हींची तुलना केलीय. आपल्याकडे शब्द तयार आहे, त्यांच्याकडे चाल आहे, आणखी काय पाहिजे?

बेलफास्टकर
हे माहीत नव्हतं, मस्तच. आयर्लंडमधल्या कॉर्क शहराचे महापौर टेरेन्स मॅकस्विनी १९२० मध्ये ब्रिक्स्टन तुरुंगात ७४ दिवसांनी असेच गेले, आणि ९ वर्षांनी लाहोरच्या तुरुंगात क्रांतिकारक जतीन दास ६३ दिवसांनी. पण मेझमधले कैदी दारात बसले नव्हते, कोठडीत होते. दार तर लंडनला होतं.

बालाघाट
म्हणून काय झालं, सावकार गावात नसला तर त्याच्या वाड्यासमोर बसायचे की.

जुना वाचक
धरणं कर्जवसुलीचं होतं. कैद्याचं सरकारकडे येणं काय?

बालाघाट
मान! तेच मागत होते ना ते, आम्हाला चोरांत धरू नका, राजकीय कैदी म्हणा.

वसईवाला
धरणं आणि धरण एकच का हो? पाणी धरतं ते धरण आणि माणसाला धरतं ते धरणं?

तर्कटी
दोन्ही धर या धातूचे. पण ५०८ बद्दल विचारायचं होतं, त्यात धरणं हा शब्द जसाच्या तसा आहे का, की अर्थाने?

बालाघाट
जसाच्या तसा, ‘धरना’ म्हणून, इंग्रजी मजकुराच्या मध्ये.

जुना वाचक
म्हणजे इंग्रजांनाही त्याला शब्द मिळाला नाही.

तर्कटी
काका, मग त्यांनी आपला शब्द तसाच ठेवला ते चाललं, आणि आपण त्यांचा ‘ट्रबल्स’ तसाच ठेवला तर मराठी बुडते?

जुना वाचक
कायद्यात अर्थ नेमका लागतो, म्हणून त्यांनी ठेवला. ललित लेखाला तो नियम लावू नका.

शब्दवेल्हाळ
माझा लेख ललित नाहीये काका. आणि पहिलं वाक्य अजून कोरंच आहे.

वसईवाला
तगादा लावणे हेही त्याच धरण्यातलं का? आमच्या आजोबांच्या तोंडी ‘तगाद्याला बसलाय’ असं होतं.