सांजमण्याला रेशनकार्ड लावायचं का?

फासेवाला_मास्तर
मंडळी, एक वाद मिटवा. आम्ही सहा जण दर शनिवारी रात्री राजारामपुरीत एकाच्या माडीवर जमतो आणि फाशांवर चालणारा गोष्टीचा खेळ खेळतो. राज्य माझ्या डोक्यातलं, नाव धुकेगड. त्यात मी एक मणी टाकला, सांजमणी. सुपारीएवढा. उन्हात हिरवा, दिव्याखाली लाल. हिरवा असताना जखमेवर धरला की जखम भरते. लाल असताना धरला तरी भरते, पण मग तीच जखम धरणाऱ्याच्या सगळ्यात जवळच्या माणसाला होते. ही लाल बाजू चार महिने मी कुणाला सांगितलेली नाही. आमच्यातलं इकडं कुणी फिरकत नाही म्हणून लिहितोय.

गेल्या शनिवारी आमच्या एका गड्यानं एकाच लढाईत, धुकेगडच्या भर दुपारी, तो सात वेळा वापरला. ज्या सेनापतीवर मी पंधरा दिवस घासली, तो वार करून करून दमला बिचारा. माझं मत: मणी दिवसातून एकदाच चालेल असा नियम लावावा आणि लाल बाजू गुपितच ठेवावी. बोला.

कट_जादा
दिवसातून एकदा? मणी आहे का रेशनचं रॉकेल?

आकड्यानं गोष्ट चालत नाही भावा. स्यमंतक रोज आठ भार सोनं द्यायचा, हा झाला आकडा. पण सत्राजिताच्या घरी सोनं किती साठलं हे कुणाला आठवतंय? प्रसेन तो घालून शिकारीला गेला, सिंहानं मारला, आणि चोरीचा आळ आला कृष्णावर. आठवतो तो आळ. अजून चतुर्थीचा चंद्र दिसला की आजी लोकं तीच गोष्ट सांगत्यात. तुझ्या लाल बाजूत तसला आळ आहे, आणि तू ती कपाटात कुलूप लावून ठेवलीयस.

नियम_म्हणजे_नियम
कट_जादा, गोष्ट ऐकायची असते, खेळ खेळायचा असतो. प्रसेनाच्या हातात फासा नव्हता. इथं सहा जणांनी शनिवारची रात्र दिलीय, त्यातल्या एकालाच अमरपट्टा मिळाला तर बाकीच्या पाच जणांनी काय भजी तळायची? एकदाच म्हणजे एकदाच, मास्तरांचं बरोबर.

गुपिताला मात्र माझा साफ विरोध. चार महिन्यांनी म्हणणार, 'तुझ्या हातानं तुझी बहीण मेली, तुला माहीत नव्हतं.' मी असतो तर फासे खिशात घालून घरी गेलो असतो. विष्णुपुराणात तोच स्यमंतक अपवित्र माणसानं धारण केला तर त्याचाच घात करतो असं सांगितलंय. अट उघड आहे. तरीही माणसं त्याच्यामागं लागतातच, मजा तिथं आहे.

गुजरीतलं_पोरगं
नियमाचं तुमचं तुम्ही बघा, मी खड्याचं सांगतो. उन्हात हिरवा आणि पिवळ्या दिव्याखाली लाल असा खडा खरोखर असतो, अलेक्झांड्राइट. त्यातल्या क्रोमियममुळं रंग पालटतो. पांढऱ्या एलईडीखाली मात्र तो नीट लाल होत नाही, तेव्हा धुकेगडात समई आणि मशालीच ठेवा.

पण मास्तर, हा मणी बसवलाय कशात? सुटा खडा मुठीत धरून लढाईला जातंय कोण? आमच्यात साज घडवतात तेव्हा मणी सोन्याच्या पत्र्याचे, आतनं पोकळ, आणि पोकळीत लाख भरलेली. लाखेमुळंच कमी सोन्यात दागिना भरीव दिसतो. आता लाख तापली की मऊ पडते हे लहान पोरालाही ठाऊक. तुमचा सांजमणी लाखेच्या कोंदणात बसवा. जखम भरली की मणी तापतो. एकदा वापरला, काही नाही. दोनदा, खडा हलाय लागतो. सातव्यांदा भर लढाईत तो चिखलात पडतो आणि सगळी फौज गुडघ्यावर बसून चिखल चाचपते. परत बसवायला सोनार शोधा, त्याची घडणावळ द्या. धुकेगडात सोनार आहे का नाही? नसला तर तो राजा कसला!

कट_जादा
नाद खुळा! चिखल चाचपणारी फौज मला दिसली.

रंकाळ्यावर_सहाला
मी जरा वेगळं म्हणते. मर्यादा मोजून नको, वेळेतून यावी. अंबाबाईच्या किरणोत्सवाला उभे राहिलाय का कधी? नोव्हेंबरात ९, १०, ११ आणि मग ३१ जानेवारी, १, २ फेब्रुवारी. मावळतीची किरणं महाद्वारातून आत येतात. चरणापासून वर सरकत मुखापर्यंत पोचायची, आणि ऐनवेळी ढग आला की संपलं. माझा एकदा असाच गेला. देवळात शेकडो माणसं आणि सगळ्यांचा श्वास एकदम सुटलेला ऐकू आला. चीटिंग झालं असं कुणी म्हणालं नाही. तुमचा मणीही मावळतीच्या घटकाभर उन्हातच हिरवा होऊ दे.

नियम_म्हणजे_नियम
ताई, तारखा आधीपासून ठरलेल्या असतात आणि सगळ्यांना ठाऊक असतात. ढग कुणी लपवून ठेवलेला नसतो. म्हणजे माझंच म्हणणं झालं.

रंकाळ्यावर_सहाला
तारीख ठाऊक असते, किरण पोचणार का हे ठाऊक नसतं. त्यासाठीच तर माणूस जातो.

सात_वेळा_वाला
नमस्कार. मीच तो.

सेनापती दमला याचं दुःख सगळ्यांना, सातातल्या पाच वेळा मी मणी दुसऱ्यांच्या जखमांवर धरला हे मास्तरांनी लिहिलंच नाही. त्यातला एक तर त्यांचाच भाचा, जो नवीन आलाय आणि पहिल्याच वाराला आडवा झाला होता. दिवसातून एकदा नियम लागला असता तर पोरगं परत आलं नसतं. लाखेचं कोंदण मला मान्य. मावळतीचंही चालेल. आणि लाल बाजू, धन्यवाद, आत्ता कळली.

फासेवाला_मास्तर
गेलं. चार महिन्यांचं गेलं सगळं.

बरं, भाच्याचं खरं आहे, ते मी विसरलो. लाख घेतो. सोनारही घेतो, गडाच्या पायथ्याला, लई महागडा आणि तिरसट. तरी दिवसातून एकदा हे मी सोडलेलं नाही, शनिवारी बघू.

सात_वेळा_वाला
शनिवारी बघायच्या आधी एक सांगा. 'सगळ्यात जवळचं माणूस' म्हणजे नात्यानं जवळचं का अंतरानं? कारण लढाईत माझ्या शेजारी तुमचा भाचा असतो.

फासेवाला_मास्तर
मशाल पेटली की कळेल.

नियम_म्हणजे_नियम
बघा, परत लपवलं!